मानशीचं पुस्तक

आमच्याकडे मानस म्हणजे मन नव्हे.
मानस म्हणजे बांधातलं दार:
भरतीला आपोआप मिटणारं, ओहोटीला उघडणारं,
नदीचा खार खाजनाबाहेर थोपवून धरणारं.

चोडणच्या उत्तर टोकाला जी मानस आहे
तिच्या एकवीस फळ्या हा आमचा कायदा.
कुणी कोरला, यावर तंटा नको.
तंट्याची फळी सतरावी,
आणि ती कायम पाण्याखाली असते.

पहिल्या फळीवर नदीची सही आहे,
ओल्या तळव्याची. अजून वाळलेली नाही.
दुसरीवर: आधी भात, मग मासा, माणसाला उरेल ते.
पाचवीवर: मेलेल्या गावकाराचा वाटा मोडू नये,
तो मोजायला येतो.
येतातही. अवसेला ओल्या पायांनी येतात,
कुडवानं भात मोजतात,
कमी भरलं तरी नमस्कार करून जातात.

दिवसातून दोनदा ग्रंथ उघडतो, दोनदा मिटतो.
मधल्या थांबल्या पाण्यात, घटकाभरात,
न्याय उरकायचा.
वाचायचा डोळ्यांनी नाही.
रोजारिन वाचते, बोटांनी, कमरेइतक्या पाण्यात उभी राहून.
तिला दुसरं काहीच वाचता येत नाही,
हीच तिची लायकी.

त्या वर्षी सोयरूनं कुर्लीचं बीळ पाहिलं होतं,
इनासच्या शेताकडच्या बांधात. मुठीएवढं.
चिखलाचा एक गोळा पुरला असता.
पण इनासशी तेव्हा बोलणं बंद होतं,
एका फणसावरून.
पुनवेच्या रात्री मुठीएवढं भोक बैलाएवढं झालं.
तीन शेतं खारट.
खाऱ्यात तगणारं कोरगुटसुद्धा पिवळं पडलं.

साक्षीला कुर्ली आली, आडवी चालत.
म्हणाली, खणणं माझा धर्म, मी खणलं.
ह्यानं मला पाहिलं, मान वळवली, गेला.
मी तर नांगी वर करून सलाम केला होता.

रोजारिननं बाराव्या फळीवर बोट ठेवलं.
ती ओळ आम्हाला पाळण्यापासून पाठ:
जो भोक पाहून गप्प राहील, त्याला जाळ.
सोयरूची दुर्गी बांधावर मटकन बसली.
इनासनं डोळे मिटले.
फणस एवढा मोठा नव्हता, असं त्याला वाटलं असेल.

बोट शेवटच्या अक्षराशी थांबलं.
तिथं, ळ-च्या डोक्यावर,
चिंचोक्याएवढं एक कालव बसलं होतं,
जुनं, दगडासारखं घट्ट.
रोजारिननं मोठ्यानं वाचलं:
त्याला जाळं.

गावकार ओरडले, खरवडा ते! कोयती आणा!
ती म्हणाली, पहिल्या फळीवर सही कुणाची?
आणि तिनं आपल्या ग्रंथात एक टिंब वाढवलं
तर पुसणारे तुम्ही कोण?
कुणी उत्तर देईतो पाणी वळलं,
फळ्या करकरल्या, दार हललं.
पुस्तक मिटलं म्हणजे निकाल झाला.

सोयरूला जाळं मिळालं.
तेव्हापासून प्रत्येक ओहोटीला तो मानशीच्या तोंडाशी ते लावतो.
पहिली टोपली इनासची,
दुसरी मेलेल्यांची,
तिसरीत काही आलंच तर दुर्गी रांधते.
बांधातली बिळं आता तो अंधारात कानानं ओळखतो.

एक गोष्ट राहिली.
सांगू नये असं नवव्या फळीवर आहे, तरी सांगतो.
लहानपणी मी रोजारिनबरोबर कालवं काढायला जायचो.
फळ्यांवर एकही राहू द्यायची नाही ती.
अक्षरं गुदमरतात, म्हणायची,
आणि सुरीच्या टोकानं ओळीमागून ओळ मोकळी करायची.
बाराव्या फळीपाशी आली
की सुरी डाव्या हातात घ्यायची,
आणि मला विचारायची,
पेज जेवलास का रे?